जिताड्याची साक्ष

मामांच्या मागल्या दारी एक रातांब्याचं झाड आहे. मामीने बी रुजवून लावलेलं. सात-आठ वर्षांनी त्याला फुलं आली तेव्हा कळलं, हे नर आहे. याला रातांबा कधी धरणार नाही. मुरुडच्या वाडीत असं झाड फार दिवस टिकत नाही. जागा अडवतं, पाणी पितं, म्हणून बुंध्यावर कुऱ्हाड पडते. हे मात्र अजून उभं आहे. मामीने तोडू दिलं नाही, एवढं मला लहानपणापासून ठाऊक होतं. का, ते विचारायचं कधी मनात आलं नाही.

या फेब्रुवारीत पटकथेचा दुसरा खर्डा घेऊन मी मामांकडे आठवडाभर राहायला गेले. मामी जाऊन सहा वर्षं झाली. मामा एकटेच असतात. त्यांनी तीस वर्षं अकरावी-बारावीच्या मुलांना जीवशास्त्र शिकवलं. माझी पटकथा मुरुडमध्येच घडते. नायिका मत्स्यशास्त्राची संशोधक, खाडीतल्या जिताड्याचा अभ्यास करणारी. लग्नाला पाच वर्षं झाली, मूल नाही, आणि सगळ्या घराचे डोळे तिच्या पोटाकडे लागलेले. घरातलं धाकटं माणूस, ज्याला सगळे तिचा दीर म्हणतात, मुलगा म्हणून वाढलं. पण स्वतःला बाई मानतं आणि बाई म्हणूनच जगू पाहतं. विज्ञानाच्या खिडकीतून स्त्री, पुरुष आणि त्यांची नाती बघावीत, असा माझा बेत. मामांनी त्यातलं विज्ञान तपासून द्यावं, एवढीच अपेक्षा होती.

पहिल्याच संध्याकाळी त्यांनी खर्डा वाचून संपवला. झोपाळा थांबवला. म्हणाले, "मासे बरोबर आहेत. माणसं चुकली आहेत."

"कुठे?"

"सतराव्या प्रसंगात. सासू मोरीवर जिताडा साफ करतेय. सून येऊन सांगते, 'आई, हा जन्मला तेव्हा नर होता, मोठा झाल्यावर मादी झाला. निसर्गात हे चालतं, मग आपल्या घरात का चालू नये?' सासू गप्प होते, तिच्या डोळ्यांत पाणी येतं. पोरी, तू मुरुडमधली एक तरी सासू पाहिली आहेस का? ती विळीवरून मान वर न करता म्हणेल, 'म्हणूनच तो मासा आहे आणि आपण माणसं.' त्यावर तुझ्या सुनेकडे काय उत्तर आहे?"

माझ्याकडे नव्हतं. पण हार मानायला मी आले नव्हते.

"मामा, ही गोष्ट लोकांना माहीतच नाही. रायगड जिल्ह्यात जिताड्याचं केवढं कौतुक. पेण-अलिबागकडे गावतळ्यांत सोडून पोसतात, पाहुण्याला जिताडा वाढला की यजमानाची मान ताठ होते. ज्या माशाचा एवढा अभिमान, तो आधी नर असतो आणि नंतर मादी होतो, हे कळल्यावर काहीच हलणार नाही?"

"माहीत नाही कोण म्हणतं? उद्या सकाळी विचार."

सकाळी एकदऱ्याची मासळीवाली मावशी पाटी घेऊन आली. मामांनी विचारलं, तशी ती जिताड्याचं खवलं नखाने उचलत म्हणाली, "बारक्या जिताड्यान गाबोली नाय मिलत, गुरुजी. मोठ्यान मिलते. पावसाच्या तोंडावर बघा." आणि पाटी उचलून पुढच्या घरी गेली.

"ऐकलंस?" मामा म्हणाले. "अंडी फक्त मोठ्यात सापडतात, हे ती आईच्या हाताखाली मासे कापायला शिकली तेव्हापासून जाणते. शास्त्रज्ञांना याचं कारण नंतर सापडलं. बारका नरसुद्धा पुरेसं बीज सोडू शकतो, पण अंडी जितकी जास्त तितकं पोट मोठं लागतं. म्हणून वाढेपर्यंत नर आणि वाढल्यावर मादी होण्यात त्या माशाचा फायदा आहे. हेकरू माशाचं नेमकं उलटं. तो आधी मादी असतो, कारण त्याच्यात मोठा नर इतर नरांना हाकलून जास्त माद्या राखतो. मावशीला अर्धं शास्त्र येतं. पण त्यामुळे तिच्या घरातल्या मुलाने साडी नेसलेली तिला चालेल, असं तुला का वाटतं? ज्ञान एका खणात ठेवायचं आणि घर दुसऱ्या खणात, हे माणसाला फार सोपं जातं."

शेवटचं वाक्य बोलताना त्यांचा आवाज किंचित उतरला. मला तेव्हा त्याचं कारण कळलं नाही.

*

दुपारी आम्ही किनाऱ्यावर गेलो. समोर पद्मदुर्ग उन्हात पांढुरका दिसत होता. ओटी लागली होती आणि उघड्या पडलेल्या खडकांवर दोन बायका कालवं फोडत बसल्या होत्या. कालवंही अशीच, पुष्कळदा आधी नर आणि मागाहून मादी. ते पाहून मी पुन्हा विषय काढला.

"मामा, निसर्गाला साक्षीला मी बोलावलेलं नाही. आधी कायदा करणाऱ्यांनी बोलावलं. १८६० च्या दंडसंहितेत ३७७ वं कलम घातलं, त्यात शब्द होते 'निसर्गक्रमाच्या विरुद्ध'. दीडशेहून अधिक वर्षं निसर्गाच्या नावाने माणसं गुन्हेगार ठरली. आजही कुणी मुलगी मुलीवर प्रेम करते म्हणाली की घरातलं पहिलं वाक्य येतं, 'हे निसर्गात बसत नाही.' मग निसर्गात काय काय बसतं ते मी दाखवायचं नाही का? खोटी साक्ष झाली असेल, तर उलटतपासणी नको?"

मामांनी हातातली काठी ओल्या वाळूत रोवली.

"उलटतपासणी जरूर घे. 'निसर्गात नाही' हे विधान खोटं आहे, एवढं सिद्ध कर आणि थांब. तू तिथे थांबत नाहीस. तू पुढे म्हणतेस, 'निसर्गात आहे, म्हणून चांगलं आहे.' ही उडी विज्ञानाची नाही. निसर्गात मोठा जिताडा लहान जिताड्याला गिळतो. तळ्यात एका मापाची पिल्लं सोडली नाहीत तर आपल्याच भाईबंदांना खातात. तो दाखला कुठल्या प्रसंगात घालणार आहेस?"

"म्हणजे मी गप्प बसू?"

"३७७ चं काय झालं ते आठव. ६ सप्टेंबर २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांच्या परस्परसंमतीच्या संबंधांपुरतं ते कलम रद्द केलं. तो निकाल कशावर उभा आहे? संविधानाच्या १४, १५, १९ आणि २१ या कलमांवर. समानता, भेदभावाला मनाई, अभिव्यक्ती, जगण्याचा आणि प्रतिष्ठेचा हक्क. जिताड्यावर उभा राहिला असता, तर उद्या कुणी दुसरा मासा घेऊन आला असता."

मी जरा वेळ काही बोलले नाही. मग मला माझा मुद्दा सापडला.

"तुम्ही विज्ञानाला फार स्वच्छ मानता. ते समाजाच्या घरातच वाढतं. १९४८ मध्ये अँगस बेटमन यांनी फळमाश्यांवर प्रयोग केला. निष्कर्ष असा की नराला जितक्या जास्त जोडीदारणी तितकी जास्त संतती. मादीला त्याचा उपयोग नाही. त्यावरून नर उतावळा आणि मादी लाजरी, हा जणू सृष्टीचा नियम ठरला. पुस्तकांत आला, माणसांवर लावला गेला. कित्येक सिनेमांतला नायक त्याच नियमावर नायिकेच्या मागे फिरतोय. २०१२ मध्ये पॅट्रिशिया गोवाटी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तोच प्रयोग तसाच करून पाहिला. बेटमन यांनी संतती ओळखण्यासाठी अंगावर खुणा असलेल्या माश्या घेतल्या होत्या. आई आणि बाप दोघांच्याही खुणा ज्या पिल्लांत उतरत, त्यांतली बरीच मोजणीआधीच मरत. म्हणजे हिशेब मुळातच चुकलेला. चौसष्ट वर्षं तो कुणी पुन्हा करून पाहिला नाही, कारण उत्तर सगळ्यांच्या मनासारखं होतं."

"उत्तम उदाहरण," मामा म्हणाले, आणि त्यांना खरोखर आनंद झाला होता. "पण चूक पकडली कुणी? प्रयोग पुन्हा मांडणाऱ्या बाईनेच ना? तिने 'मला हा निष्कर्ष आवडत नाही' असं म्हणून सोडलं नाही. माश्या मोजल्या. तुझी नायिका संशोधक आहे, पण दोनशे पानांत ती एकदाही काही मोजत नाही. नुसते दाखले देते. तिला एकदा तरी तिच्या मनाविरुद्धचं उत्तर मिळू दे."

हे मी वहीत लिहून घेतलं.

*

रात्री जेवणानंतर मी माझी बाजू दिग्दर्शिका सुमित्रा भावेंच्या आधाराने मांडायची ठरवली, कारण मराठीत हा रस्ता आधी कुणी तुडवला असेल तर त्यांनीच.

"सुमित्राबाई टाटा समाजविज्ञान संस्थेत शिकलेल्या," मी म्हणाले. "पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवायच्या. झोपडवस्तीतल्या बायकांच्या जगण्यावर संशोधन करताना त्यांना खटकलं, की हे अहवाल त्या बायकांना कधीच वाचता येणार नाहीत. म्हणून १९८५ मध्ये 'बाई' हा लघुपट केला. पुढे सुनील सुकथनकरांबरोबर तीस-पस्तीस वर्षं चित्रपट केले. त्यांची कथा कुठून निघते पाहा. 'देवराई'मध्ये स्किझोफ्रेनिया. 'नितळ'मध्ये त्वचेवरचं कोड. 'अस्तु'मध्ये अल्झायमर. 'कासव'मध्ये नैराश्य. प्रत्येक वेळी दार विज्ञानाचं, आणि आत शिरल्यावर सापडतात ती नाती. हे शक्य आहे, मामा. त्यांनी करून दाखवलं."

"मग त्यांनी कसं केलं ते सांग. मोठेपणा नको, कृती सांग."

मी विचार करत बोलू लागले. "'अस्तु'मध्ये संस्कृतचा एक प्रकांड पंडित स्मरण हरवून बसतो आणि हत्तीच्या मागे चालत निघून जातो. त्याची मुलगी त्याच्या आजाराबद्दल सगळं जाणते, तरी थकते, चिडते. माहुताची बायको, चन्नम्मा, तिला त्या आजाराचं नावही ठाऊक नाही. ती त्याला लेकरासारखं जवळ करते. बाप होता त्याचं मूल झालं, आणि जी कुणीच नव्हती ती आई झाली. अमृता सुभाष यांना त्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, सुमित्राबाईंना संवादांसाठी."

"थांब. तिथेच थांब." मामा पुढे झुकले. "जाणणारी मुलगी थकते आणि न जाणणारी बाई जवळ करते. म्हणजे या चित्रपटाचं म्हणणं काय? माहितीने माया येत नाही. माझंच म्हणणं आहे हे."

"पण मेंदूत काय बिघडतं हे प्रेक्षकाला कळलं नसतं, तर त्याने त्या पंडिताला वेडा म्हणून सोडून दिलं असतं. माहितीने माया येत नाही हे खरं. पण माहिती नसली की दोषारोप येतो. 'हट्टी आहे, मुद्दाम करतो, मागच्या जन्मीचं पाप.' विज्ञान तेवढा दोष काढून घेतं आणि जागा मोकळी करतं. 'नितळ'मध्ये तेच आहे. कोड म्हणजे त्वचेला रंग देणाऱ्या पेशी नाहीशा होणं. संसर्ग नाही, शिक्षा नाही. नायिका स्वतः डॉक्टर. तरी लग्नाच्या बाजारात तिच्या पदवीआधी तिचे डाग वाचले जातात, कारण ती बाई आहे. पुरुषाच्या डागाकडे लोक इतक्या जवळून बघत नाहीत."

'नितळ'चं नाव निघालं तसे मामा गप्प झाले. उठून त्यांनी दाराची कडी तपासली, जी मघाशीच लावलेली होती.

*

दुसऱ्या दिवशी आम्ही वाडीत बसलो होतो. पोफळींना पाणी सुटलं होतं. नर रातांब्याला बारीक फुलं आली होती आणि त्यांवर माश्या घोंघावत होत्या.

"दोष काढून घेतं म्हणालीस," मामांनी स्वतःहून धागा उचलला. "काल रात्रभर ते डोक्यात होतं. ऐक. तीस वर्षं मी वर्गात एक धडा मोठ्या आवाजात शिकवला. बाईकडे दोन्ही एक्स, पुरुषाकडे एक्स आणि वाय. मुलगा की मुलगी हे पुरुषाच्या बीजावर ठरतं. फळ्यावर आकृती काढायची आणि मुलींना म्हणायचं, घरी जाऊन आजीला सांगा. मला वाटायचं, एवढं कळलं की सुनांचा छळ थांबेल. झालं काय? एकदा एक विद्यार्थिनी येऊन म्हणाली, 'सर, आईने बाबांना सांगितलं. आता आजी म्हणते, तुझ्यामुळे त्याच्यातला वाय मागे पडतो.' दोष काढून घेता येत नाही, पोरी. एका खुंटीवरून काढला की लोक दुसरी खुंटी शोधतात."

"कारण मुलगी होणं म्हणजे काहीतरी चुकणं, हा समज तसाच राहिला."

"बरोबर. आणि नुसता समज राहिला असता तरी चाललं असतं. त्याच विज्ञानाने त्या समजाला हात-पाय दिले. गर्भजलपरीक्षा निघाली ती आनुवंशिक आजार ओळखायला. आपल्याकडे ती मुली वेचायला वापरली. महाराष्ट्राने १९८८ मध्ये, देशात सगळ्यांत आधी, त्याविरुद्ध कायदा केला. केंद्राचा कायदा १९९४ चा. तरी २००१ च्या जनगणनेत राज्यात सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलग्यांमागे ९१३ मुली होत्या, त्या २०११ मध्ये ८९४ झाल्या. आकृती शिकलेल्या पिढीच्या काळात. तू विज्ञानाला नायिकेच्या बाजूने उभं करतेस. ते कुणाच्याही बाजूने उभं राहतं. ज्याच्या हातात सोनोग्राफीची दांडी, त्याच्या."

मी रातांब्याकडे बोट दाखवलं. "वाडीत नर तोडतात, घरात मुली. दोन्हीकडे हिशेब एकच. जे फळ देत नाही ते काढा."

मामांनी झाडाकडे पाहिलं नाही.

"म्हणून मला कासवाची गोष्ट आवडते," मी म्हणाले. "हरिहरेश्वर, दिवेआगरच्या किनाऱ्यावर ऑलिव्ह रिडले घरटी करतात. एका घरट्यात शंभरेक अंडी. त्यांतून नर निघतील की माद्या, हे वाळूच्या उष्णतेवर ठरतं. साधारण तिशीच्या आसपासचं तापमान हा काटा. वाळू त्याहून तापली की माद्या वाढतात, थंड राहिली की नर. कुणी कुणाला दोष द्यायचा? वाळूला? 'कासव'मध्ये सुमित्राबाईंनी हे लिंगाचं गणित मांडलेलंही नाही. त्यांनी फक्त एवढं घेतलं की मादी अंडी घालून समुद्रात परत जाते आणि पिल्लाला स्वतःच्या पायांनी पाण्यापर्यंत जावं लागतं. माणसाने जवळपास राहायचं, पण उचलून न्यायचं नाही. आणि घटस्फोटातून बाहेर पडलेल्या जानकीने आत्महत्येच्या काठावरच्या अनोळखी तरुणाला घरी आणलं, तेव्हा त्या दोघांच्या नात्याला त्यांनी नाव दिलं नाही. ती त्याची आई नाही, प्रेयसी नाही, नर्स नाही. जवळपास राहते. २०१६ च्या राष्ट्रीय पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला."

"आता तू बरोबर ठिकाणी आलीस," मामा हळू म्हणाले. "त्यांनी कासवाला वकील केलं नाही. कासव वाळूत राहिलं, माणसं घरात राहिली. प्रेक्षकाने दोघांकडे आळीपाळीने बघायचं आणि आपलं आपण समजायचं. तुझा जिताडा सतराव्या प्रसंगात भाषण करतो."

*

शेवटच्या संध्याकाळी आम्ही बाजारात गेलो होतो. परत येताना मी सहज म्हणाले, "रघुनाथ कर्वे मुरुडचे ना? त्यांच्यावर काही स्थानिक माहिती मिळेल का?"

मामा थांबले. "ते मुरुड दापोलीकडचं. सगळे हीच गल्लत करतात. आपलं हे जंजिऱ्याचं. पण तुझ्या विषयाचा मूळपुरुष तोच. विल्सन कॉलेजमध्ये गणित शिकवणारा माणूस. १९२१ मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं. त्याच वर्षी लंडनला मेरी स्टोप्सनी काढलं. या कामापायी कॉलेजची नोकरी गेली. १९२७ पासून १९५३ मध्ये मृत्यू येईपर्यंत 'समाजस्वास्थ्य' मासिक चालवलं. खटले झाले. १९३४ च्या खटल्यात डॉक्टर आंबेडकर त्यांच्या बाजूने उभे राहिले."

"अमोल पालेकरांनी त्यांच्यावर 'ध्यासपर्व' केला, २००१ मध्ये. मामा, कर्व्यांनी तर विज्ञानाच्याच जोरावर बाईच्या सुखाची बाजू मांडली. तुमच्या म्हणण्याप्रमाणे ते चुकले?"

"नाही. ते कुठे वेगळे होते, हे मी फार वर्षं शोधत होतो." मामा चालायला लागले, पण सावकाश. "त्यांनी लोकांना सांगितलं ते आधी स्वतःच्या घरात केलं. मूल नको, हा निर्णय नवरा-बायकोने मिळून घेतला. मालतीबाईंनी त्यांच्याबरोबर केंद्राचं काम केलं, तुटपुंज्या पैशांत संसार रेटला. विज्ञान त्यांनी दुसऱ्याला पटवण्याआधी स्वतःला लावून घेतलं. मी ते केलं नाही."

घरी येईपर्यंत ते काही बोलले नाहीत. पडवीत बसल्यावर, दिवा न लावता, त्यांनी सांगितलं.

"आम्हाला मूल झालं नाही, हे तुला माहीत आहे. लग्नानंतर तिसऱ्या वर्षी तुझ्या आजीने मामीला डॉक्टरकडे पाठवलं. मग दुसऱ्या डॉक्टरकडे. अलिबाग, मग मुंबई. पिशवी तपासली, नळ्या तपासल्या, औषधं झाली, नवस झाले, उपास झाले. चार वर्षं. मी जीवशास्त्राचा शिक्षक. मूल न होणाऱ्या जोडप्यांत साधारण निम्म्या ठिकाणी पुरुषाकडेही काही कारण असतं, हे मला पाठ होतं. पहिली तपासणी पुरुषाची करावी, ती सगळ्यांत सोपी, तिला ना सुई लागते ना भूल, हेही ठाऊक होतं. मला एकदा दवाखान्यात जायचं होतं. मी गेलो नाही. कुणी मला जा म्हणालं नाही आणि मी स्वतःहून उठलो नाही. दिवसा वर्गात एक्स-वायची आकृती काढायचो, आणि संध्याकाळी तुझी मामी एसटीतून मुंबईहून परत यायची."

बाहेर समुद्राचा आवाज येत होता. मी काही विचारलं नाही.

"तिने मला एकदाच विचारलं. किती वर्षांनी, सांगू? आम्ही पुण्याला तुझ्या आईकडे आलो होतो, तेव्हा 'नितळ' पाहिला. रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या ती म्हणाली, 'त्या मुलीला डॉक्टर असून सगळ्यांपुढे उभं राहावं लागलं. तुम्हालाही सगळं माहीत होतं ना हो?' एवढंच. आवाज चढवला नाही. मी झोपेचं सोंग घेतलं."

"मामा..."

"सांत्वन नको. मुद्दा ऐक. तीस वर्षांत मी शिकवलेल्या विज्ञानाने तिला तो प्रश्न विचारता आला नाही. दोन तासांच्या चित्रपटाने विचारता आला. म्हणून तू म्हणतेस त्यात तथ्य आहे, हे मी पहिल्या दिवशीच कबूल करायला हवं होतं. पण त्या चित्रपटाने मला उत्तर द्यायला लावलं नाही. ते माझं मलाच करायचं होतं. म्हणून मी म्हणतो त्यातही तथ्य आहे."

बराच वेळ आम्ही दोघं अंधारात बसून होतो. मग मी विचारलं, "आणि तो रातांबा?"

"फुलं आली तेव्हा गडी कुऱ्हाड घेऊन आला होता. ती मागल्या दारी जाऊन उभी राहिली. म्हणाली, 'फळ नाही म्हणून काय झालं, सावली पडते ना.' मी पडवीतून ऐकलं. गड्याला वाटलं, वहिनींना झाडांची माया आहे."

*

त्या रात्री मी सतरावा प्रसंग खोडून नव्याने लिहिला. सून आता सासूला काही समजावत नाही. सासू जिताडा साफ करते, त्याच्या पोटातून गाबोळी निघते, ती वेगळ्या ताटलीत काढून ठेवते. बाई म्हणून जगू पाहणारं ते घरातलं माणूस शेजारी बसून आलं-लसूण वाटतं आहे, बांगड्या घातलेल्या हातांनी. सासू त्या हातांकडे बघते, गाबोळीकडे बघते, आणि विळी पुढे सरकवत म्हणते, "कोथिंबीर चिरून दे." जिताडा एक शब्द बोलत नाही. ती सासू बदलली की नाही, हे मी लिहिलेलं नाही, कारण मला ते अजून माहीत नाही.

दुसरा बदल नवऱ्याचा. आधीच्या खर्ड्यात तो समंजस होता. बायकोला मिठीत घेऊन 'मला मूल नको, तू हवीस' म्हणायचा. आता तो एका दवाखान्याच्या बाकावर बसलेला आहे. हातात एक छोटी प्लास्टिकची डबी, तिच्यावर त्याचं नाव. आजूबाजूला सगळ्या बायका. त्याला लाज वाटते आहे, आणि आपल्या बायकोला हीच लाज पाच वर्षं किती वेळा वाटली असेल याचा हिशेब तो पहिल्यांदा करतो आहे. संवाद नाही. चिठ्ठीवरचा आकडा पुकारला जातो आणि तो उठतो.

सकाळी मामांनी तो प्रसंग वाचला. दोनदा वाचला. पानाच्या कडेला पेन्सिलने त्यांनी फक्त एक तांत्रिक दुरुस्ती केली: तपासणी एकदाच करून भागत नाही, अहवाल बरोबर नसेल तर काही आठवड्यांनी पुन्हा करावी लागते. त्याला दुसऱ्यांदाही जाऊ दे, असं लिहिलं.

निघताना मी मागल्या दारी गेले. रातांब्याखाली मोरीच्या दगडाजवळ गार होतं. मामा बादलीने त्याच्या मुळाशी पाणी घालत होते. शेजारच्या माद्यांना फळ धरण्याचे दिवस होते, पण त्यांचं आळं अजून कोरडं होतं. पहिली बादली याला.